पिशाच्च उन्हात का चमकते?

‘ट्वायलाइट’ हा चित्रपट २००८ साली आला. शाळकरी मुलगी आणि रक्तपिपासू पिशाच्च यांची ही प्रेमकथा. तिची मोहिनी अजून ओसरलेली नाही. कथा जिथे घडते त्या अमेरिकेतील फोर्क्स या लहानशा, पावसाळी गावी चाहते आजही जातात. अशा चित्रपटाचे नाव निघताच आम्ही शिक्षक बहुधा नाक मुरडतो. तिथेच मुलांचे प्रश्नही थांबतात. माझ्या मते हे योग्य नाही.

१८९७ च्या कादंबरीतील ड्रॅक्युला दिवसाही हिंडत असे. १९२२ च्या ‘नोस्फेरातू’ चित्रपटात पिशाच्च उन्हाने नष्ट झाले. ‘ट्वायलाइट’मध्ये ते उन्हात हिऱ्यासारखे चमकते. म्हणजे पिशाच्चाचे नियम लेखक बदलतो. प्रकाशाचे नियम मात्र कोणालाच बदलता येत नाहीत.

मग हे पिशाच्च ढगाळ गावीच का राहते? काचेचा पैलूदार खडा आधी उन्हात धरा, मग ढगाळ दिवशी धरून पाहा. ढगांमुळे प्रकाश सर्व बाजूंनी विखुरून येतो, म्हणून लकाकी फारशी उमटत नाही. कथेतील एवढा भाग प्रकाशशास्त्राला धरून आहे! विद्यार्थ्यांनी हे स्वतः पडताळून पाहिले, तर चित्रपटात घालवलेला वेळ फुकट गेला असे कोण म्हणेल?