किती दिवस चालणार हे?

आयबीएसचं, म्हणजे इरिटेबल बॉवेल सिंड्रोमचं, निदान झालं की पेशंट पहिल्यांदा हेच विचारतो. उत्तर मिळतं, ‘टेन्शन घेऊ नका, बाहेरचं खाऊ नका.’ मला या टाळाटाळीचा राग येतो, कारण सांगण्यासारखं पुष्कळ आहे.

पोटात कळा, जुलाब, बद्धकोष्ठ यांचा एकेक झटका काही तासांत नाहीतर दोन-चार दिवसांत ओसरतो, कधी आठवडेच्या आठवडे रेंगाळतो. मूळ दुखणं मात्र वर्षानुवर्षं येत-जात राहतं. निदानाच्या रोम-४ निकषांतच लक्षणं सुरू होऊन सहा महिने उलटलेले असावेत, अशी अट आहे. आठ दिवस पोट बिघडलं म्हणून कुणी हा शिक्का मारून घेऊ नये.

हे दुखणं किती काळ टिकतं, याचा अंदाज एका साथीवरून येतो. कॅनडातल्या वॉकर्टन गावात मे २००० मध्ये मुसळधार पावसानंतर शेणखतातले जंतू विहिरीत उतरले आणि नळाला आले. सात जण दगावले, दोन हजारांहून जास्त आजारी पडले. जुलाब थांबले, तरी अनेकांचं पोट ठिकाणावर येईना. संशोधकांनी त्यांचा पाठपुरावा सोडला नाही. त्या साथीत पोट बिघडलेल्यांपैकी सुमारे २८ टक्क्यांना दोन-तीन वर्षांनंतरही आयबीएस होता; आठ वर्षांनी प्रमाण १५ टक्क्यांवर आलं. म्हणजे बरेच जण यातून सुटतात, पण सावकाश.

हे न सांगितल्याने काय होतं? बदलापूरहून रोज मुंबईला येणाऱ्या एक ताई माझ्या ओळखीच्या आहेत. सकाळी चहासुद्धा न घेता निघतात. कुठल्या स्टेशनवरचं शौचालय उघडं असतं, त्यांना पाठ आहे. पिशवीत जाडजूड फाइल: सोनोग्राफी, दोनदा स्कोपी, सगळं ‘नॉर्मल’. या आजाराने आतड्याला इजा होत नाही, कॅन्सरचा धोका वाढत नाही, हे त्यांना कुणीच सांगितलं नव्हतं. कांदा, लसूण, गहू, दूध वर्षभर बंद. मेलबर्नच्या मोनॅश विद्यापीठाने आखलेल्या या पथ्यात कडक बंदी दोन ते सहा आठवड्यांचीच असते. पुढे एकेक पदार्थ परत खाऊन बघायचा असतो. तो दुसरा भाग त्यांच्यापर्यंत पोचलाच नाही.

शौचात रक्त, विनाकारण घटणारं वजन, ताप, अंगात रक्त कमी होणं, पन्नाशीनंतर पहिल्यांदाच सुरू झालेला त्रास, यांपैकी काही असेल तर तपासण्या करायलाच हव्यात.

बाकीच्यांना पहिल्याच भेटीत औषधाला किती वेळ लागतो तेही डॉक्टरांनी सांगावं. इसबगोल हळूहळू वाढवत न्यायचं असतं. अ‍ॅमिट्रिप्टिलिनचा अगदी कमी डोस उपयोगी पडतो, असं २०२३ साली प्रसिद्ध झालेल्या ब्रिटनमधल्या चाचणीत दिसलं. तिथे औषध सहा महिने दिलं होतं. आपल्याकडे पेशंट घरी येऊन नाव शोधतो, ‘डिप्रेशनची गोळी’ असं वाचतो आणि आठवड्याच्या आत बंद करतो. ती पोटासाठी दिली आहे, गुण यायला काही आठवडे लागतील, एवढं चिठ्ठी लिहितानाच सांगता येतं.