विंचवाचे बिऱ्हाड पाठीवर!

शाळेच्या संगणकावर नवी आज्ञावली, म्हणजेच प्रोग्राम, वापरायचा तर तो आधी 'बसवावा' लागतो. बसवणे म्हणजे काय? त्याच्या फायली संगणकात ठिकठिकाणी ठेवल्या जातात आणि विंडोजच्या 'रजिस्ट्री' नावाच्या नोंदवहीत त्याच्या नोंदी होतात. भाडेकरू भिंतीत खिळे ठोकतो, तसेच हे. तो गेला तरी भोके राहतातच! शिवाय दोन प्रोग्रामांना एकाच सामाईक फायलीच्या निरनिराळ्या आवृत्त्या लागल्या, तर त्यांचे भांडण जुंपते.

यावर तज्ज्ञांनी एक युक्ती काढली. प्रोग्राम व त्याला लागणाऱ्या फायली एकाच गाठोड्यात बांधायच्या आणि प्रोग्राम व विंडोज यांच्यामध्ये एक पातळ थर ठेवायचा. प्रोग्राम नोंदवहीत लिहू लागला, की हा थर ती नोंद गाठोड्यातल्या वेगळ्या वहीत करतो. काही वाचायचे असेल, तर आधी गाठोड्यात शोधतो. तेथे नसेल तरच मूळ संगणकात पाहतो. प्रोग्रामला वाटते, आपण रीतसर बसलो आहोत! अशी गाठोडी बांधणारे 'थिनस्टॉल' २००८ साली व्हीएमवेअर कंपनीने घेतले आणि त्याचे 'थिनअ‍ॅप' झाले. काही प्रोग्राम तर मुळातच असे लिहिलेले असतात, की त्यांना या थराचीही गरज पडत नाही.

माझ्या मते शाळांनी या सोयीचा लाभ घ्यावा. ज्याच्या घरी संगणक नाही, त्याने भूमितीचा 'जिओजेब्रा' पेन ड्राइव्हवर ठेवला, तर शाळेत अर्धवट राहिलेली आकृती त्याला दुसऱ्या संगणकावर पुरी करता येईल. इंटरनेटही लागणार नाही.

शिक्षक म्हणतील, "पेन ड्राइव्हमधून व्हायरस येतात, त्याचे काय?" ही भीती खरी आहे. २०१० साली उघडकीस आलेला 'स्टक्सनेट' पेन ड्राइव्हमधूनही पसरत असे. आणि तो पातळ थर म्हणजे तुरुंगाची भिंत नव्हे. गाठोड्यातला प्रोग्रामही तुमच्या फायली वाचू शकतो. पण म्हणून सरसकट बंदी घालणे हा उपाय नव्हे. शिक्षकांनी मूळ निर्मात्याकडूनच प्रोग्राम घ्यावेत, त्यांची प्रत करण्यास परवानगी आहे ना हे पाहावे, तपासावेत आणि मगच मुलांना द्यावेत.

मित्रांनो, तुम्हीही एक लक्षात ठेवा. प्रोग्राम बसवावा लागत नाही, याचा अर्थ विचारावे लागत नाही असा नव्हे. बिऱ्हाड पाठीवर असले, तरी दुसऱ्याच्या घरात शिरताना दार वाजवावेच लागते!