कंपनी विकली, प्रतिनिधित्वाचे काय?

मोठी कंपनी छोटी कंपनी विकत घेते तेव्हा नवे मालक सांगतात, ‘आता आपण एक कुटुंब! दोन्हीकडची कार्यसंस्कृती एकजीव करू.’ सल्लागार येतात, स्नेहभोजने झडतात. पण कोणाची संस्कृती कोणात मिसळायची, हे कोणी विचारत नाही. आंबेडकरी माणसाने ते विचारलेच पाहिजे.

कारण या देशात कार्यसंस्कृतीलाही जात असते. मुंबईच्या कापड गिरण्यांत जास्त पगाराचे विणकाम खाते अस्पृश्यांना बंद होते. धोट्यातला धागा तोंडाने ओढावा लागे आणि त्याचा सवर्ण कामगारांना विटाळ होई! १९२८ च्या संपात बाबासाहेबांनी हा प्रश्न ऐरणीवर आणला. कामगार एकजुटीच्या घोषणा खऱ्या की खोट्या, हे त्या एका खात्याने ठरवले.

आता बाल्कोचे उदाहरण घ्या. २००१ मध्ये केंद्र सरकारने या कंपनीचे ५१ टक्के भाग स्टरलाइटला विकले. कोरब्याच्या कामगारांनी दोन महिन्यांहून अधिक काळ संप केला. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले आणि १० डिसेंबर २००१ रोजी विक्री वैध ठरली. अनुसूचित जाती-जमातींना पुरेशा नोकऱ्या मिळाव्यात यासाठी खरेदीदाराने ‘सर्वतोपरी प्रयत्न’ करावेत, असे करारात लिहिले होते. वकिलाच्या भाषेत सांगायचे तर प्रयत्न म्हणजे बंधन नव्हे. सरकारी कंपनीत बिंदुनामावली होती, अनुशेषाचा हिशेब मागता येत होता. मालकी बदलताच हक्काची जागा मेहेरबानीने घेतली.

कायदा काय देतो? २०२५ पर्यंत लागू असलेल्या औद्योगिक विवाद कायद्याच्या कलम २५-एफएफ ने मालकी बदलली तरी कामगाराची सेवा अखंड धरावी, नाहीतर भरपाई द्यावी, एवढे संरक्षण दिले. पण त्यात पगार आणि सेवाकाळ मोजला जात होता, सन्मान नाही. घटनेचे कलम १६(४) शासनाच्या नोकऱ्यांपुरते आहे. दहा किंवा अधिक कर्मचारी असलेल्या आस्थापनेत लैंगिक छळाविरुद्ध समिती नेमणे २०१३ च्या कायद्याने सक्तीचे केले. जातीय छळासाठी मात्र खासगी कंपनीवर अशी सक्ती नाही. अॅट्रॉसिटी कायदा चारचौघांतल्या अपमानाला पकडतो. पण बढती अडवली, डब्याच्या पंगतीतून वगळले, ‘जादा पद’ म्हणून आपल्याच माणसाचे नाव यादीत आधी घातले, तर दाद कोठे मागायची?

म्हणून मागण्या नेमक्या हव्यात. दोन्ही कंपन्यांची सेवाज्येष्ठता यादी एकत्र लावताना समितीत अनुसूचित जाती-जमातींचे प्रतिनिधी असावेत. कोणत्या पदावर कोणत्या प्रवर्गाचे किती लोक, हे दरवर्षी जाहीर व्हावे. जातीय छळाच्या तक्रारींसाठी समिती असावी. आणि करारात ‘प्रयत्न करील’ नव्हे, ‘करील’ असे लिहिलेले असावे.

आपल्या कर्मचारी संघटना विक्रीनंतर मोर्चा काढतात. तोवर शाई वाळलेली असते. कराराचा मसुदा टेबलावर असतानाच हे एक क्रियापद बदलून घेतले पाहिजे.

जयभीम!