आधी कान, मग डोळा

माहितीपट म्हणजे चित्रांचा खेळ, असे आपण समजतो. कॅनडातील अबेनाकी जमातीच्या अ‍ॅलानिस ओबोमसाविन (जन्म १९३२) या मूळच्या गायिका. १९६७ साली तेथील राष्ट्रीय चित्रपट मंडळाने त्यांना बोलावून घेतले. मूळ रहिवाशांकडे जाताना त्या आधी कॅमेरा नेत नाहीत. ध्वनिमुद्रक घेऊन बसतात आणि ऐकतात. शागिर्दाला महिनोन् महिने नुसते ऐकत बसविणाऱ्या दरबारी गवयाचा मी मुलगा. मला ही रीत घरचीच वाटते.

१९९० साली क्वेबेकमधील ओका गावचे गोल्फ मैदान वाढविण्यासाठी मोहॉक लोकांची दफनभूमी व पाइनचे वन घेण्याचे घाटले. लोकांनी वाट अडविली. पोलीस आले, मागून लष्कर. ७८ दिवसांच्या त्या संघर्षात बाई वेढ्याच्या आत राहून चित्रण करीत होत्या. त्यातून १९९३ साली ‘कानेसाताके’ हा दोन तासांचा चित्रपट झाला.

तो एकतर्फी आहे, असा आक्षेप निघतो. मला तो मान्य नाही. सरकारची बाजू लोकांपर्यंत पोचविण्यास पुष्कळ जण होते. शिवाय सामन मासेमारीवरील १९८१ च्या पोलीस छाप्यांविषयीच्या त्यांच्या १९८४ च्या चित्रपटात खुद्द मंत्रीमहाशयच समोर बसून बोलतात, आणि बाई त्यांच्याशी तोंडावर भांडतात!