कट्टा उखडू नका

पुरुषांच्या मैत्रीत काही गोष्टी विचारायच्याच नसतात. पगार, घरातली भांडणं, डॉक्टर काय म्हणाले. रोज शेजारी बसणाऱ्याला मुलं किती हे ठाऊक असतं, ती कितवीत आहेत हे नसतं. 'मेलास काय रे?' याचा अर्थ 'तुझी आठवण आली होती'. पण वडील गेल्याचा फोन आला, की हाच माणूस सगळ्यांत आधी दारात. बांबू, मडकं, स्मशानाचा पास, सगळं तोच बघतो, खांदा देतो, आणि पुढे जन्मात त्याबद्दल चकार शब्द काढत नाही.

या मौनाचं मला सगळंच कौतुक नाही. राष्ट्रीय गुन्हे नोंद विभागाच्या अहवालानुसार २०२२ साली देशात १,७०,९२४ आत्महत्या झाल्या. त्यांत सुमारे ७२ टक्के पुरुष, आणि राज्यांत महाराष्ट्र पहिला. नोंदलेल्या कारणांत कौटुंबिक समस्या आणि आजारपण सर्वांत वर. नेमकं जे आपण विचारत नाही तेच.

बरं, समोर बसवून 'मन मोकळं कर' म्हटलं तर गडी गप्पच होतो. तो बोलतो शेजारी बसून, नजर रस्त्यावर ठेवून, कटिंग संपता संपता. ऑस्ट्रेलियात नव्वदच्या दशकात 'मेन्स शेड' सुरू झाल्या त्या हे ओळखूनच: उतारवयातले पुरुष एकत्र सुतारकाम करतात, आणि हात चालू असताना तोंड उघडतं. आपल्याकडे ही सोय आयती होती. गावचा पार, वाड्याचा ओटा, शिवाजी पार्कचा कट्टा.

आता पुनर्विकासात पोडियम पार्किंग येतं आणि ओटा जातो. दुकानाच्या पायरीवर कुणी टेकू नये म्हणून खिळे ठोकतात. कट्ट्यावर टवाळखोर बसतात, ही तक्रार खोटी नाही. बायका-मुलींना तिथून जाताना होणारा त्रास थांबलाच पाहिजे. त्यासाठी दिवे लावा, टवाळांना तोंडावर दटावा, बायकांनाही तिथे हक्काने बसू द्या. कट्टा मात्र उखडू नका.

सोसायटीच्या नव्या नकाशावर सही करण्याआधी विचारा, बसायची जागा कुठे आहे? नसेल तर मागा, सभेत भांडा. आणि बरेच दिवस न दिसलेल्या मित्राला आजच फोन लावा. कारणं विचारत बसू नका, 'खाली ये' एवढंच म्हणा. तो बोलू लागला आणि प्रकरण आपल्या आवाक्याबाहेरचं वाटलं, तर 'टेलि-मानस' या मानसिक आरोग्य सेवेचा १४४१६ हा सरकारी क्रमांक मोफत आहे, चोवीस तास चालू असतो आणि तिथे मराठीत बोलता येतं.