अपघात विभागात कॅमेरा कोणाच्या संमतीने?

पुणे-हैदराबाद महामार्गावर अपघात झाला, की जखमीला घेऊन रुग्णवाहिका अनेकदा सोलापूरच्या सिव्हिल हॉस्पिटलकडे धावते. तेथे पहिल्या काही मिनिटांत श्वास, रक्तस्राव, रक्तदाब एवढेच पाहायचे असते. अशा वेळी खाटेशेजारी माहितीपटाचा कॅमेरा उभा राहिला, तर परवानगी कोणी द्यायची?

माहितीपटांचा उपयोग नाकारता येत नाही. सर्पदंशानंतर मांत्रिकाकडे न जाता रुग्णालय गाठावे, हे भाषणापेक्षा दृश्यातून लवकर पटते. मात्र डोक्याला मार लागलेला, रक्तदाब घसरलेला किंवा वेदनेने तळमळणारा माणूस विचारपूर्वक होकार देऊ शकत नाही. बेशुद्ध रुग्णाचा जीव वाचवण्यासाठी संमतीविना उपचार करण्याची मुभा कायदा देतो. ती मुभा उपचारापुरती आहे, चित्रीकरणासाठी नाही.

चेहरा धूसर केला की झाले, असेही मानले जाते. न्यूयॉर्कमध्ये २०११ साली वाहनाच्या धडकेने जखमी झालेल्या एका वृद्धाचे अखेरचे क्षण ‘एनवाय मेड’ या मालिकेसाठी टिपले गेले. चेहरा धूसर होता, तरी २०१२ मध्ये घरी टीव्ही पाहताना पत्नीने पतीचा आवाज ओळखला. २०१६ मध्ये न्यूयॉर्क-प्रेसबिटेरियन रुग्णालयाला या मालिकेच्या चित्रीकरणाप्रकरणी २२ लाख डॉलर भरावे लागले. आपल्याकडे तर आवाज, हातावरचे गोंदण किंवा गावाचे नाव एवढ्यावरून माणूस ओळखला जातो.

आपले नियमही स्पष्ट आहेत. ओळख पटेल अशा रीतीने रुग्णाचे छायाचित्र त्याच्या परवानगीशिवाय प्रसिद्ध करू नये, असे वैद्यकीय परिषदेचे २००२ चे आचारनियम सांगतात. खासगीपणा हा मूलभूत अधिकार असल्याचा निर्णय सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायमूर्तींनी २०१७ मध्ये दिला. मोबाइलवर ‘रील’ करणाऱ्या कर्मचाऱ्यालाही हीच मर्यादा लागू होते.

सोलापुरात आणखी एक पेच आहे. येथे मराठीइतक्याच सहजपणे तेलुगू आणि कन्नड बोलली जाते. मराठी किंवा इंग्रजी अर्जावर घाबरलेल्या नातेवाइकाने उठवलेला अंगठा म्हणजे संमती नव्हे. परवानगी उपचार करणाऱ्या डॉक्टरने मागू नये. नाही म्हटले तर उपचारात हयगय होईल, अशी भीती रुग्णाला वाटते. रुग्ण सावरल्यावर त्याच्या भाषेत पुन्हा विचारावे आणि प्रसारणापूर्वी नकार देण्याची मोकळीक ठेवावी. रुग्ण दगावला, तर कुटुंबाला आधी चित्रीकरण दाखवावे. त्यांनी नकार दिला, तर ते पुसून टाकावे.

याच सोलापूरच्या डॉ. द्वारकानाथ कोटणीसांची कथा १९४६ मध्ये पडद्यावर आली, तेव्हा रुग्णांच्या भूमिकेत नट होते. आजच्या कॅमेऱ्यासमोरचे रक्त खरे असते. जीव वाचवण्यासाठी दारात आलेल्या माणसाची लाज राखणे हाही उपचाराचाच भाग आहे.