ही कितवी शेपटी?

मुलांच्या तोंडी हल्ली नऊ शेपट्यांचा कोल्हा सारखा येतो. १९९६ साली जपानात निघालेल्या पोकेमॉनच्या खेळात तो आहे, 'नारुतो' या चित्रमालिकेत आणि तिच्यावरच्या खेळांतही आहे. मुलांना वाटतं, हे सगळं खेळवाल्यांच्या डोक्यातून निघालं. पण मैत्रिणींनो, याची कुळकथा फार जुनी आहे. जपानातली तिची सगळ्यांत गाजलेली गोष्ट एका बाईची आहे आणि ती मुलांइतकीच आपणही ऐकावी अशी आहे.

बाराव्या शतकात तोबा या निवृत्त सम्राटाच्या दरबारी म्हणे तामामो-नो-माए नावाची एक बाई होती. रूप तर होतंच, पण ज्ञान त्याहून दांडगं! धर्मातलं विचारा, संगीतातलं विचारा, उत्तर जिभेवर तयार. सम्राटाची मर्जी बसली. पुढे तो आजारी पडला, काही केल्या उतार पडेना. तेव्हा राजज्योतिष्यानं निदान केलं, ही बाई नव्हेच, कोल्हीण आहे! झालं. ती नासूच्या माळावर पळाली, धनुर्धरांनी तिला गाठून मारलं आणि तिचा प्राणघातक दगड झाला.

तोचिगी प्रांतात नासूला तो दगड आहे. भाग ज्वालामुखीचा. जमिनीतून गंधकाचे विषारी वायू निघतात, त्यानं किडे-पाखरं मरतात. १६८९ साली बाशो हा कवी तिथे गेला होता, तेव्हा त्यानं मेलेल्या मधमाश्या-फुलपाखरांचा खच पाहिला. वायू जमिनीचा, आळ मात्र बाईवर! मार्च २०२२ मध्ये तो दगड दुभंगला. भेगेत पाणी शिरून गोठलं असावं, असं तिथल्या लोकांचं म्हणणं. पण 'कोल्हीण सुटली' ही चर्चा जगभर झाली.

आता गंमत बघा. जपानातल्या जुन्या कथेत हिला शेपट्या दोनच होत्या. नऊ झाल्या त्या नंतर. शेजारच्या चीनमध्ये तर हान राजवटीत नऊ शेपट्यांचा कोल्हा शुभ मानत, वंशवृद्धीचं लक्षण म्हणून! पण जपानात गोष्ट जसजशी फिरली तसतसे हिच्यावरचे आरोप वाढले. म्हणे, चीनमधल्या शांग घराण्याचा शेवटचा राजा बुडवणारी राणी दाजी ती हीच. आणि त्याआधी तेनजिकूत, म्हणजे आपल्या हिंदुस्थानात, हानझोकू राजपुत्राला हजार राजांची मुंडकी उडवायला लावणारीही हीच. हा हानझोकू मूळचा आपला कल्माषपाद राजा. महाभारतात त्यानं ऋषिपुत्राला चाबूक मारला, म्हणून शाप भोगला. दोष त्याचा स्वतःचा. बौद्ध कथांतून तो जपानात पोचला आणि कोल्हिणीच्या गोष्टीत शिरला, तेव्हा तो दोष बाईच्या पदरात पडला!

काही अभ्यासकांच्या मते तामामोच्या मागे खरी बाई आहे, तोबाची आवडती राणी बिफुकुमोन-इन. तिचा शब्द दरबारात चाले. ११५६ साली तोबा वारला आणि गादीवरून लढाई जुंपली. भांडले पुरुष, पण कोल्हीण ठरली ती!

आपल्याकडे शेपटी जोडत नाहीत, 'पांढऱ्या पायाची' म्हणतात. सून आली आणि सासऱ्यांचा धंदा बसला, की बाजारभाव कुणी बघत नाही, तिचे पाय बघतात. चार बुकं शिकलेली, हिशेब विचारणारी असली तर मग बोलायलाच नको. एकीनं पाहिलेलं दुसरीला सांगताना वाढतं आणि, खरं सांगायचं तर, त्यातली निम्मी भर आपल्याच ओट्यावर पडते.

मुलांचं बरं असतं. पोकेमॉनमध्ये ती कोल्ह्याला सोबती म्हणून घेऊन हिंडतात. नारुतोच्या पोटात तो कोल्हा कोंडलेला, म्हणून सारं गाव त्या पोराला टाळतं, पण शेवटी त्या दोघांची मैत्रीच होते. मुलं हे सांगायला आली, की 'अभ्यास कर' म्हणून हाकलू नका. तामामोची गोष्ट सांगा आणि सम्राट खरोखर कशानं आजारी पडला असेल, ते त्यांनाच विचारा.

आणि शेजारची कोणी 'ती घरात आल्यापासून...' असं सुरू करील, तेव्हा चहा पुढे करता करता हळूच विचारावं, 'अहो, ही कितवी शेपटी?'